तेरावा हप्ता

त्या दुपारी माझ्या डोक्यावरचं मशीन मधेच थांबलं आणि मला बरं वाटलं. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं सगळं खरं लिहिता येईल. शकू माझी मावसबहीण. हैदराबादच्या अंबरपेठेतल्या आमच्या इमारतीत ती तिसऱ्या मजल्यावर राहायची, मी दुसऱ्या, आणि तिचं फॉल-पिकोचं मशीन नेमकं माझ्या झोपायच्या खोलीच्या वर होतं. शाळेतून दीड वाजता यावं, दोन घास खावेत, पाठ टेकावी, की वर घर्रर्र सुरू. सतरा वर्षं हे चाललं होतं. जाळी काढायच्या झाडूच्या दांड्यानं मी कितीदा छताला ठोकलं असेल, त्याला गणती नाही. ठोकलं की ती मिनिटभर थांबायची आणि मग हळू चालवायची. त्या दिवशी मी ठोकलंच नव्हतं, तरी आवाज थांबला. म्हटलं, चला, आज लवकर आटोपलं बाईचं, आणि कुशीवर वळले. अर्ध्या तासानं तिची मुलगी अश्विनी अनवाणी खाली आली. ती घरूनच काम करते, आतल्या खोलीत कानाला हेडफोन लावून बसलेली असते, तिलाही काही कळलं नव्हतं. "मावशी, मम्मी मशीनवर डोकं ठेवून बसलीय, उठतच नाही. ऊपर चलो ना, जल्दी." गल्लीतले डॉक्टर आले, त्यांनी मनगट धरलं आणि लगेच सोडलं. हृदय थांबून अर्धा तास झाला असेल, म्हणाले. म्हणजे मी कुशीवर वळले तेव्हाच...

मग माणसं जमली. सगळ्या रडत होत्या, मीही रडत होते, आणि रडता रडताच माझ्या मनात आलं, बघा, गेली तीही स्वतःच्या घरात गेली. घराचे कागद कपाटात, कुणाचं पैचं देणं नाही. मी जाईन तेव्हा माझ्या घराचे कागद बँकेच्या तिजोरीत असतील. मेलेल्या माणसाचासुद्धा हेवा करता येतो, हे मला त्या दिवशी तिच्या उशाशी बसून कळलं. याची मला लाज वाटली, पण म्हणून हेवा काही गेला नाही.

आम्हा दोघींत चार महिन्यांचं अंतर, आणि थोरली मी. नांदेडकडची आमची माणसं, दोघींच्या घरी शेती, दोघींच्या आया सख्ख्या बहिणी. सुट्टीत एका घरी जमलो की माझी आई शकूची वही माझ्यापुढे धरायची, "अक्षर बघ तिचं. मोत्याचे दाणे. नाही तर तुझं, कोंबडी चालून गेल्यासारखं." पुढे मी शिकून मास्तरीण झाले आणि शकू दहावीनंतर शिवणकामाच्या क्लासला गेली, तेव्हा मला वाटलं, संपलं एकदाचं, मी जिंकले. दोघींना नवरे हैदराबादचे मिळाले. तिचे भगवानराव औषधांच्या कारखान्यात पॅकिंगला, आमचे हे एका सिमेंटवाल्याकडे हिशेबनीस. ती अंबरपेठेत एका खोलीत भाड्यानं राहायची, आम्ही चिक्कडपल्लीत दोन खोल्यांत. त्या काळात मी तिच्यावर फार माया केली. सणाला तिला घरी बोलवायची, माझ्या जुन्या साड्या द्यायची, तिच्या पोरीला फ्रॉक घ्यायची. आपल्याकडे एक खोली जास्त असली की माया करणं सोपं असतं.

घरं घ्यायची बातमी तिनंच आणली. तिच्याकडे साड्या टाकणाऱ्या एका बाईच्या दिराची ही इमारत उभी राहत होती. "दोन घरं उरली आहेत, निमे. एकावर एक. घ्यायचं का?" दोन्ही घरं सारखीच, किंमतही सारखीच, जवळची पुंजी दोघींची जवळपास सारखी, म्हणून कर्जही सारखंच निघालं. दहा लाख, वीस वर्षांसाठी. आबिड्सच्या बँकेत आम्ही चौघं एकाच दिवशी, एकाच टेबलावर, एकाच पेनानं सह्या करायला बसलो. कागदांचा हा एवढा गठ्ठा, सगळं इंग्रजीत. आम्ही तिघं साहेब बोट ठेवील तिथं सही करत होतो. शकूनं पेन खाली ठेवलं आणि विचारलं, "साब, पैले महिने की किश्त में असल कित्ता कटता?" असल म्हणजे मुद्दल. साहेब जरा चमकला. त्यानं यंत्रावर बोटं मारली. "चौदासौ, अम्मा." हप्ता होता नऊ हजार तीनशेचा. "और बाकी?" "बाकी ब्याज." "और पूरे बीस साल का मिला के कित्ता देना?" तो म्हणाला, बाईस लाख के उप्पर. आमचे हे खाकरले, "सगळ्यांचं तसंच असतं, शकू. घराची किंमतही वाढते की." मला तर मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं. एवढ्या मोठ्या बँकेत येऊन भाजी घेतल्यासारखं भाव काय विचारतेस? मी माझ्या मनात पडद्यांचा रंग ठरवत होते. तिनं पर्समधून फॉलच्या पाकिटाचा पुठ्ठा काढला, त्यावर मोत्याच्या दाण्यांसारखे दोन आकडे लिहिले आणि मग सही केली.

बाहेर येऊन रस्त्याकडेच्या बंडीवर इडली खाताना ती मला म्हणाली, "निमे, कळलं का तुला? ताट वाढलं की आधी पाहुणा जेवू लागलाय. आठ हजार त्याचे. घरच्यांच्या वाट्याला चौदाशे. अन् घरच्यांचं पोट भरल्याशिवाय पाहुणा काही उठत नसतो."

"मग काय उपाशी मारायचं का पाहुण्याला?" मी म्हटलं.

"नाही. त्याचं त्याला द्यायचं. पण वर्षातून एक ताट असं वाढायचं, की पाहुणा जेवून हात धुऊन बसलेला असंल. ते पुरं घरच्यांचं. त्यातला घास त्याला मागता येत नाही."

हा तिचा तेरावा हप्ता. बारा महिन्यांचे बारा सगळेच भरतात. त्यात व्याज आधी कापलं जातं आणि उरेल ते मुद्दलात जातं. पण महिन्याचं व्याज चुकतं केल्यावर जास्तीचा एखादा हप्ता नेऊन भरला, तर तो सगळाच्या सगळा मुद्दलातून वजा होतो. मुद्दल घटलं की पुढच्या प्रत्येक महिन्याचं व्याज घटतं. एवढी साधी गोष्ट. मी आठवीच्या मुलांना चक्रवाढ व्याज शिकवत आले, आमच्या ह्यांनी सिमेंटवाल्याचे हिशेब ठेवले, आणि ही गोष्ट कळली ती साडीला फॉल लावणाऱ्या बाईला. दिव्याखाली अंधार म्हणतात तो आमच्या घरी दुसऱ्या मजल्यावर होता.

तेव्हा एका साडीच्या फॉल-पिकोला चाळीस रुपये मिळत. एक हप्ता काढायचा तर जवळजवळ अडीचशे साड्या. राहायला आल्या आठवड्यात तिनं जुनं मशीन खिडकीशी मांडलं, आणि पाडव्याच्या आधल्या आठवड्यात भगवानरावांना घेऊन पहिला तेरावा भरून आली. "आमच्याकडे वर्षाला तेरा महिने असतात," ती सगळ्यांना हसत सांगायची. माझी आई तेव्हा माझ्याकडे राहत होती. ती म्हणाली, "दुष्काळात तेरावा महिना म्हणतात पोरी, कुणी हौसेनं घरात आणत नसतं त्याला. अन् तेरावा, तेरावा काय म्हणतीस सारखं? चांगला शब्द आहे का तो?" शकू म्हणाली, "मावशी, दुष्काळातच आणावा लागतो. सुकाळात कोण विचारू लागलंय त्याला."

माझ्या साड्या मात्र मी तिच्याकडे कधी दिल्या नाहीत. कारण लिहायला लाज वाटते, पण लिहिते. तिच्या तेराव्या हप्त्यात माझे चाळीस रुपये पडू नयेत, एवढंच कारण. डोक्यावर मशीन घरघरत असताना मी साडी पिशवीत घालून बसनं चिक्कडपल्लीला जायची आणि तिथल्या दुकानात फॉल लावून आणायची. जाण्यायेण्याचं भाडं धरलं तर तो मला दुपटीनं पडायचा. तिच्या लक्षात आलं नसेल असं नाही. एकदा जिन्यात भेटली तेव्हा तिनं माझ्या साडीची कड दोन बोटांत धरून पाहिली. "टाके लांब आहेत गं. दोन धुण्यांत सुटतील," एवढंच म्हणाली. दोन नाही, तिसऱ्या धुण्यात सुटले.

राहायला येऊन दीडेक वर्ष झालं असेल, व्याजाचे दर वाढले. दोन्ही घरी बँकेची सारखीच पत्रं आली. शकू पत्र घेऊन आबिड्सला गेली आणि हप्ताच वाढवून आली, महिन्याला साडेसहाशे रुपये जास्त. आमचे हे पत्र वाचून खूश होते. "हप्ता तोच ठेवलाय. मुदत वाढवून दिली आहे." मला तर देव पावल्यासारखं झालं. शाळेत फॉर्मची मुदत वाढली की आईबाप हात जोडतात, विजेच्या बिलाची मुदत वाढली तर गल्लीत आनंद होतो. मुदतवाढ म्हणजे कुणीतरी केलेली कृपा, एवढंच मला ठाऊक. मी त्या संध्याकाळी शिरा केला आणि वाटी घेऊन मुद्दाम वर गेले. "आमचा एक रुपया वाढला नाही बाई. मुदतवाढ मिळाली आम्हाला." शकूनं मशीन थांबवलं.

"किती?"

"काय किती?"

"मुदत गं. किती वाढली, ते विचारलं का दाजींनी?"

तिचा चेहरा उतरला होता, आणि मी मनात म्हटलं, जळते माझ्यावर. हिला साडेसहाशेचा भुर्दंड आणि मला सवलत, म्हणून पोटात दुखतंय. "सगळंच काय टेप लावून मोजायचं असतं का?" असं म्हणून मी वाटी तिच्या हातात दिली आणि खाली आले. सतरा वर्षांत तेवढी एकच संध्याकाळ अशी होती की शकूला माझा हेवा वाटतोय असं मला वाटलं. त्या रात्री मला फार गाढ झोप लागली.

पुढची वर्षं आमची मजेत गेली, खोटं का बोलू. मोठा फ्रीज आला, दोनदा तिरुपती झालं, एकदा शाळेच्या बायकांबरोबर काश्मीर पाहून आले. शकू कुठेच गेली नाही. तिच्याकडे पाडव्याच्या आधी तेरावा हप्ता जायचा आणि पाडव्याला श्रीखंडाऐवजी गुळाचं काहीतरी व्हायचं. मी काश्मीरचे फोटो घेऊन वर गेले तर ती पायानं मशीन चालवत चालवत बघत होती. "इथं एवढी थंडी असती का? छान आहेस गं तू यात," म्हणाली. मला तिचं कौतुकही रुचलं नाही. हिला खरंच जायचं नाही की काय, असं वाटून माझ्याच सहलीवर पाणी पडलं.

आणि गेल्या वर्षी, पाडव्याच्या आधी, ती दारात उभी राहिली. कपाळाला मोठं कुंकू, केसात अबोली. "निमे, रविवारी जेवायला ये सगळ्यांना घेऊन. कर्जाची तेरवी आहे."

मला वाटलं, कुणी गेलं की काय.

"कर्ज गेलं. सोळा वर्षं खाऊन गेलं. तेरावं घालायला नको का त्याचं?" आणि ती इतकी हसली की जिन्यातल्या तेलुगू बाया बाहेर येऊन बघू लागल्या. वीस वर्षांचं कर्ज तिनं सोळा वर्षांत फेडलं होतं. घराचे मूळ कागद भगवानरावांनी बँकेतून आणले, देवापुढे ठेवले आणि सगळ्या इमारतीला पुरणपोळीचं जेवण घातलं. मी गेले नाही. डोकं दुखतंय म्हणून निरोप पाठवला. दुपारी ती स्वतःच ताट घेऊन आली, पदरानं झाकलेलं, वर तुपाची वाटी. मी झोपल्याचं सोंग केलं. ती गेल्यावर स्वयंपाकघरात उभ्या उभ्या पोळी खाल्ली, आणि ती इतकी मऊ झाली होती याचाही मला राग आला.

त्याच संध्याकाळी मी ह्यांना विचारलं, "आपलं किती राहिलं?" हे म्हणाले, "चार वर्षं. विसातून सोळा गेले." तरी मनाला चैन पडेना, म्हणून दुसऱ्या दिवशी आम्ही आबिड्सला गेलो. टेबलामागे एक पोरगेलीशी मुलगी होती. तिनं पडद्यावर पाहिलं आणि सहज सांगितलं, "अभी ग्यारह साल है, सर." हे म्हणाले, पुन्हा बघा. तिनं पुन्हा पाहिलं. हप्ता तोच ठेवून दर वाढवले की मुदत वाढते, आणि आमची विसाची सत्तावीसच्या घरात गेली होती. आम्ही तोवर अठरा लाख भरले होते. दहा लाखांतले सात लाखांच्या वर अजून बाकी होते. मी तिथेच तिच्याकडून कागद मागून घेतला. शकूनं सगळे मिळून साडेवीस लाख भरले, हे तिनंच जेवणाच्या दिवशी पंगतीत सांगितलं होतं, मला ह्यांच्याकडून कळलं. आमचे सगळे मिळून तीस होणार. एकाच टेबलावर, एकाच पेनानं घेतलेलं कर्ज, आणि मी तिच्यापेक्षा जवळजवळ आणखी एक कर्ज जास्तीचं फेडणार होते. आमच्या ह्यांची नोकरी उरली आहे दोन वर्षं. माझी त्याहून थोडी जास्त. त्यापुढचे हप्ते कशातून भरायचे? परतताना रिक्षात हे बाहेर बघत बसले होते. काचीगुड्याच्या चौकात एकदाच म्हणाले, "मुदत वाढवली होती ना त्यांनी." मला राग बँकेचा आला नाही, ह्यांचाही नाही. शकूचा आला. तिला तेव्हाच कळलं होतं. शिऱ्याची वाटी हातात धरून तिनं विचारलं होतं, आणि मी तिला बोलू दिलं नव्हतं. तरी राग तिचाच आला.

वर्षभर मी हे तिच्यापासून लपवलं. पण पुरुषांच्या पोटात काही राहत नाही. ह्यांनी भगवानरावांना सांगितलं, आणि ती जायच्या पाच आठवडे आधी एका दुपारी वरचं मशीन थांबलं आणि ती खाली आली. माझी शेवटची भेट ती. पलंगाच्या कडेवर बसली. मान आखडल्यासारखी धरली होती, डोळ्यांखाली काळं झालं होतं.

"दाजी आमच्या यांना सांगू लागले, दहा वर्षं राहिली म्हणून," ती म्हणाली. "अजून उशीर झाला नाही, निमे. माझ्याकडे दुसरं मशीन रिकामं पडलंय. दुपारी ये वर. आता साडीला सव्वाशे मिळू लागलेत. पंचाहत्तर साड्यांत एक हप्ता निघतो. गिऱ्हाईक माझंच देते तुला. दोन तेरावे भरले वर्षाला, तर दहाची सात होतील."

यात रागवण्यासारखं काय होतं? आज वाचताना तुम्हालाही काही सापडणार नाही. पण मी पेटले. "तुझं फिटलं, आता माझं मोजायला आलीस? मी शाळेतली बाई आहे, शकू. मुलांचे आईबाप मला नमस्कार करतात. त्यांच्या साड्यांना फॉल लावत बसू?"

"मी बसले की."

"तू बसलीस. आणि आता फिटलं तरी उठत नाहीस. कुणाला दाखवायला चालवतेस मशीन?"

तिनं मानेवरून हात फिरवला. "सवय लागली गं. दुपारी पडून बघितलं मी. डोळाच लागत नाही." मग माझ्या पलंगाकडे, उशीकडे, खिडकीवर ओढलेल्या पडद्याकडे बघत म्हणाली, "तू कशी झोपतीस, निमे?"

मला तो टोमणा वाटला. डोक्यावर एवढं कर्ज असताना तुला झोप तरी कशी येते, असं मी त्यात ऐकलं. मी दाराकडे बोट केलं नाही, पण उठून उभी राहिले, ते त्यातलंच झालं. दारात चपला घालताना ती म्हणाली, "मशीन रिकामं आहे, एवढंच सांगायचं होतं." त्यानंतर पाच आठवडे मी तिसऱ्या मजल्यावर पाय ठेवला नाही. जिन्यात तिचा आवाज आला की दार लावून घ्यायची. गेले ती अश्विनीच्या मागे धावत...

तेरवीचं जेवण त्याच खोलीत झालं, जिथं वर्षापूर्वी कर्जाचं झालं होतं. पहिली पंगत पाहुण्यांची. मी पदर खोचून पहिल्याच पंगतीला बसायला निघाले, लवकर जेवून खाली पळावं म्हणून, तर भगवानराव वाटेत आले. "निमाताई, तुम्ही पाहुणे का? घरच्यांसोबत बसा." मग मी वाढत राहिले आणि सगळे जेवून हात धुऊन गेल्यावर, शेवटच्या ताटांत, भगवानराव आणि अश्विनीच्या शेजारी बसले. पाहुणा जेवून गेल्यानंतरचं ताट. तिच्या आबिड्सच्या इडलीची आठवण झाली.

त्यानंतर दोनच दिवसांनी अश्विनी खाली आली. वर गिऱ्हाइकांच्या साड्यांचा ढीग पडला होता. प्रत्येक साडीला टाचणीनं चिठ्ठी लावलेली, नाव आणि वार, पण मराठीत. पोरगी इथल्या इंग्रजी शाळेत शिकलेली. "मावशी, मम्मीचं रायटिंग मला नीट वाचायला येत नाही. एकेक लेटर लावत बसले तर शाम होऊन जाते. तुम्ही सांगता का कुणाची कुठली ते?" मी गेले. चिठ्ठ्या वाचत गेले. सुगुणाम्मा, सोमवार. कोपऱ्यावरची वहिनी, लग्नाची, जपून. तेच मोत्याचे दाणे. साठीला टेकलेल्या बाईला दुसऱ्या बाईच्या अक्षराचा अजून हेवा वाटू नये, पण वाटला. अश्विनी माझ्या तोंडून ऐकून फोनमध्ये टिपून घेत होती. मधेच म्हणाली, "मावशी, खरं सांगू, मम्मी तुमच्यावर जेलस होती."

माझ्या हातातली टाचणी पडली. माझ्यावर? कशाबद्दल?

"तुमच्या दुपारच्या झोपेवर. तुम्ही खालून ठोकायच्या ना, तर ती हसायची. म्हणायची, बघ, निमा झोपली. मला एक दुपार तिच्यासारखं झोपायचंय, पडदा ओढून. लोन फिटलं की झोपणार म्हणायची. मग फिटलं, तर झोपच येईना तिला. मला म्हणाली, निमाला विचारून येते कशी झोपते ते. विचारलं का तिनं तुम्हाला?"

विचारलं, असं मी म्हटलं. काय उत्तर दिलं, ते अश्विनीनं विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. बँकेनं त्या दिवशी बावीस लाखांचा आकडा सांगितला होता. मी तो तीस केला, तिनं साडेवीसवर आणला, आणि मला वाटलं होतं हिशेब तिथं संपला. तिच्या सोळा वर्षांच्या दुपारी कुठल्या कागदावर नव्हत्या. आयुष्यभर मला हवी होती ती गोष्ट, शकूला माझा हेवा वाटणं, ती रोज दुपारी माझ्या डोक्यावर घडत होती, आणि मी झाडूनं ठोकत होते.

मशीनवर त्या दिवसाची साडी तशीच होती. मोरपंखी, तिला निम्म्या कडेपर्यंत फॉल लागलेला, सुई कापडातच. कुणी हात लावला नव्हता. मी स्टूल ओढलं. शिवण दोघींना एकाच बाईनं शिकवलं होतं, माझ्या आईनं, आणि त्यातही तिचा हात पुढे होता. सुई न काढता, जिथं ती थांबली होती तिथूनच मी चाक हातानं फिरवलं आणि मग पाय टेकवला. कड संपवली तर आधीचे टाके ओळीत होते आणि माझे, जुन्या वहीतल्यासारखे, कोंबडी चालून गेल्यागत.

आता शाळेतून आले की जेवते आणि वर जाते. दुसऱ्या मशीनवर नाही, तिच्याच मशीनवर बसते, तेवढा हट्ट मी पुरा करून घेतला. महिन्यात नऊ साड्या झाल्या. या वेगानं पाडव्याच्या आधी तेरावा हप्ता निघेल, असं हे म्हणतात, आणि त्यांनी यावेळी तीनदा मोजलं आहे. दुसऱ्या तेराव्याचं पुढच्या वर्षी बघू. गेल्या रविवारी हे दुपारी घरीच होते. मी वर मशीन चालवत होते आणि खालून छतावर ठक ठक झालं. मी मिनिटभर थांबले. मग हळू चालवलं.

त्या मोरपंखी साडीवाल्या सुगुणाम्मा परवा साडी न्यायला आल्या. त्यांनी घडी उलगडली, कड उलटी केली आणि बोट टाक्यांवरून हळूहळू पुढे नेत राहिल्या. एका जागी येऊन त्यांचं बोट थांबलं. "इधर तक अक्का का है ना?"

"हौ," मी म्हटलं. "इधर तक."